मिरचीनंतर कांडलेली हळद

मसाल्यांवर लिहिणारी माणसं सुगंधावर लिहितात. मला मसाला म्हटलं की ठसका आठवतो आणि ठसक्यामागून मारामारी. स्वयंपाकघर हे शांत, मायेचं ठिकाण असतं असं ज्यांना वाटतं, त्यांनी तिथं चालणारी कामं एकदा नीट बघावीत. ठेचायचं, कुटायचं, चिरायचं, सोलायचं, रगडायचं, भाजायचं आणि एवढं करूनही समाधान झालं नाही तर कढत तेलात टाकायचं. आपण जे चवीनं खातो त्यातलं जवळजवळ काहीही मार खाल्ल्याशिवाय पानात येत नाही.

माझी थोरली बहीण पाथर्डीला दिलेली. दाजींचं तिथं किराणा आणि मसाल्याचं दुकान आहे. दुकान चांगलं चालतं, कारण दाजी माल कमी आणि सल्ला जास्त विकतात. त्यांनी प्रत्येक डब्याला माणसाचा एकेक अवयव वाटून दिलेला आहे. ओवा पोटाला, लवंग दाताला, मेथी साखरेला, हिंग वाताला, जायफळ झोपेला, कढीपत्ता केसांना, आलं छातीला. दगडफूल कशाला, हे बरीच वर्षं ठरलं नव्हतं. मग कुणाला तरी मुतखडा झाला आणि दगडफुलाचीही सोय लागली. रोज सकाळी नात्यातल्या सगळ्यांच्या मोबाईलवर दाजींचा एक मसाला येतो, खाली फुलांचं चित्र आणि सुप्रभात.

त्यांची मुलगी, म्हणजे माझी भाची, नगरला माझ्याकडे राहून औषधनिर्माणशास्त्र शिकली. मी तिथल्या एका कॉलेजात ग्रंथपाल आहे. ती आता एका दवाखान्यातलं औषधांचं दुकान सांभाळते. बापाचे निरोप ती वाचते आणि खाली लिहिते, "मात्रा किती?" दाजी त्याला उत्तर देत नाहीत.

तिचं लग्न ठरलं ते राहुरीजवळच्या देवळाली प्रवऱ्याच्या मुलाशी. घरचा ऊस, शिवाय ठिबक सिंचनाची एजन्सी. मुलगा तिनंच बघितलेला होता, आम्ही फक्त बघितल्यासारखं केलं. ठरल्यावर ती एका संध्याकाळी माझ्या शेजारी येऊन बसली.

"मामा, मुलगा मला पसंत आहे. पण त्यांच्या घरातून कुणी एकदा जरी कोयता काढला, तर मी पाटावरून उठेन."

कोयता म्हणजे काय हे मला समजावून सांगायची गरज नव्हती. ताई आणि दाजी लग्नानंतरची पहिली काही वर्षं ऊसतोडीला जात होते, राहुरीच्याच पट्ट्यात. भाची उसाच्या पाचटाच्या कोपीत, फडाच्या कडेला चालायला शिकली. पुढं दाजींनी आठवडी बाजारात मसाल्याचं पाल टाकलं, मग गाळा घेतला, मग दुकान. त्या फडातला एखादा फड याच व्याह्यांचा होता की नव्हता, हे दोन्हीकडच्या कुणीच विचारलं नाही. न विचारण्याची काळजी इतकी कसून घेतली जात होती की उत्तर सगळ्यांना ठाऊक असावं असंच वाटायचं.

"मुलाला सांगितलंस?"

"सगळं. तो म्हणाला, मला काही फरक पडत नाही. पण हे मला एकटीला म्हणाला. चारचौघांत म्हणेल का, ते मला माहीत नाही."

तेच तर कळायचं होतं. बाकी सगळी तयारी होती.

दाजींनाही तीच भीती होती, फक्त त्यांनी ती वेगळ्या पद्धतीनं अंगावर घेतली. त्यांनी लग्नाचा थाट वाढवला. ड्रोन, डीजे, निवेदक, आणि पत्रिकेवर सोनेरी अक्षरांत 'घरच्या सेंद्रिय हळदीने हळदी समारंभ'. विहिरीच्या कडेला त्यांनी खरोखरच हळदीच्या दोन ओळी लावल्या होत्या. ती उकडून, वाळवून हळकुंडं केली. नवरा-नवरी दोघांनाही हीच हळद लागणार, पाकिटातली नाही. कोयत्यावर त्यांना हळदीचा थर चढवायचा होता, असं मला वाटतं. पण मी बोललो नाही. लग्नघरात खरं बोलणाऱ्या मामाला कुणी हार घालत नाही.

हळद कांडायला मी दाजींबरोबर गेलो. मिरची कांडपाला आमच्याकडे डंक म्हणतात. पत्र्याच्या शेडात जमिनीत पुरलेली लोखंडी उखळं आणि त्यांवर विजेवर उचलली जाणारी, धाडकन पडणारी मुसळं. कांडपवाल्या मावशी दोन घावांच्या मधल्या वेळेत हात आत घालून माल सारतात. बघणाऱ्याचाच हात दुखायला लागतो. डंकाचा नेम साधा आहे. सकाळी धुतलेल्या उखळात आधी हळद, मग धने, जिरे, दालचिनी, नागकेशर, रामपत्री असला गरम मसाला, आणि मिरची शेवटी. मिरचीनंतर काही कांडायचं तर आधी मूठभर ज्वारी कांडून उखळ साफ करायचं. दाजींना हा नेम पाठ होता. त्यांचा धंदाच तो. पण गुरुजींनी हळदीला उन्हं चढल्यानंतरचा मुहूर्त दिला होता. आम्ही मुहूर्तावर पोचलो तेव्हा शेडात मिरची कांडून कांडून हवा लाल झालेली होती आणि समोर बायांची रांग.

दाजी नेहमीचं गिऱ्हाईक, मावशींनी त्यांना पुढं घेतलं. रांगेतल्या पहिल्या बाईच्या मांडीवर लवंगी मिरचीचं घमेलं होतं. ती उभी राहिली.

"सकाळधरनं बसलेय मी हितं. आन् ह्यो शेठ आत्ता येऊन मुहूर्त सांगतोय?"

"बाई, लग्नाची हळद हाय," दाजी म्हणाले.

"मंग माज्या घरी काय मयत हाय?"

मावशी मधे पडल्या. "ए, गप बस गं. दोन मिन्टांचं काम हाय त्यांचं."

"तुजं बी दोन मिन्टांचंच काम हाय, ये बाहेर!"

आणि तिनं मावशींचा अंबाडा धरला. मावशींच्या हातात चाळण होती, ती त्यांनी वापरली. पहिला तडाखा बाईला बसला, दुसरा सोडवायला गेलेल्या दाजींच्या कानावर. घमेलं उलटं झालं. कुणाची तरी कांडलेल्या तिखटाची पिशवी पायाखाली फाटली आणि पंख्यानं उरलेलं काम केलं. पुढचं मला नीट दिसलं नाही. डोळे मिटलेल्या बायका एकमेकींना अंदाजानं मारत होत्या. खोकत, शिंकत, शिव्या देत, आणि शिवी अर्ध्यावर ठसक्यात अडकली की ती पुरी करायला पुन्हा मारत. मुसळं मात्र आपली एका लयीत पडत होती. कुणीतरी त्या सगळ्यात आमची हळकुंडं एका रिकाम्या उखळात ओतली. त्यात क्षणापूर्वी लवंगी होती. उखळ साफ करायची ज्वारी आमच्या पायाखाली पसरलेली होती.

हळद पिवळीधमक निघाली. वास घेऊन बघायचा प्रश्नच नव्हता, आमची नाकं कधीच कामातून गेली होती. घरी घाणा भरताना सवाष्णींनी मुसळाला आंब्याची पानं बांधून तीच हळद हौसेनं पुन्हा कांडली. त्यांचे हात झोंबले, पण आठवडाभर मिरच्यांचे देठ मोडून ते झोंबतच होते. कुणाला काही वावगं वाटलं नाही.

लग्न पाथर्डीबाहेरच्या एका लॉनवर होतं. सकाळी हळद, संध्याकाळी लग्न. रीतीप्रमाणे आधी नवरदेवाला हळद लागते आणि त्याची उष्टी हळद मग नवरीला. भाची आत खोलीत तयार होऊन बसली होती. बाहेर नवरदेव पाटावर, डोक्यावर ड्रोन, आणि त्याच्याशेजारी माईक घेऊन निवेदक. दाजींनी निवेदकाला हळदीचे गुण पाठ करून दिले होते आणि माणूस पैशाला प्रामाणिक होता.

"हळद ही जंतुनाशक आहे. हळद ही रक्तशुद्धी करते. हळदीनं कांती उजळते, सूज उतरते, जखम भरून येते..."

करवल्यांनी तेलात कालवलेली हळद नवरदेवाच्या गालांना, कपाळाला, मानेला फासली. तो हसत होता. मग त्याचं हसू एका जागी थांबलं. ड्रोन डोक्यावर असल्यामुळं तो काही वेळ तसाच बसून राहिला, ओठ दाबून.

"बघा, बघा! नवरदेवाच्या चेहऱ्यावर कसं तेज आलंय!" निवेदक म्हणाला.

तेज डोळ्यांपर्यंत पोचलं आणि नवरदेव ओरडून उठला. पाट उडाला. हळदीचं ताट त्यानं लाथाडलं, ते एका करवलीच्या नडगीवर बसलं. तो पाण्याच्या टाकीकडे पळाला, तोंड आत घातलं, आणि तेलातलं तिखट पाण्यानं पसरून कानांपर्यंत गेलं. आता तो गुरासारखा ओरडत होता.

त्याच्या थोरल्या चुलत्यांनी खाली सांडलेली हळद बोटानं जिभेला लावली. जाडजूड माणूस, पांढरं धोतर, घरातला शेवटचा शब्द त्यांचा.

"तिखट हाय हे! नवरदेवाच्या तोंडाला तिखट लावलं ह्यांनी!"

भाचीचा भाऊ, माझा भाचा, पुढं झाला. "काका, तोंड सांभाळून बोला. आमी कशाला लावू?"

"कशाला? कोयता घेऊन आमच्या बांधावर आला हुता तुमी! आमच्या फडात पोटं भरली, आन् आज आमच्याच तोंडाला तिखट लावताय व्हय रं?"

निवेदक त्यांच्याशेजारीच उभा होता आणि त्याचा माईक चालू होता. 'कोयता' हा शब्द चारही स्पीकरांतून लॉनभर गेला. स्वयंपाकाच्या मांडवात गेला, रस्त्यावर गेला, नवरीच्या खोलीत गेला. डीजेचा आवाज किती चांगला आहे, हे तेव्हा कळलं.

भाच्यानं चुलत्यांची कॉलर धरली. मग दोन्हीकडची माणसं एकमेकांवर पडली. लग्नातल्या प्लॅस्टिकच्या खुर्च्या हलक्या असतात, त्यामुळं त्या खूप लांबपर्यंत जातात. फुलांची कमान एका बाजूनं खाली आली. मुंडावळ्या, टोप्या, एका माणसाचा दात, सगळं हळदीत पडलं. ड्रोनवाला पळून गेला आणि ड्रोन एकटाच वर घिरट्या घालत राहिला. कुणीतरी आचाऱ्याचा लोखंडी झारा उचलला होता. तो भाच्याच्या कपाळावर बसला, भुवईच्या वर. कातडी उघडली आणि रक्त डोळ्यांत, शर्टवर, खाली.

ताई धावली. आमच्याकडे रक्त दिसलं की हात आपोआप एकाच डब्याकडे जातो. तिनं उरलेल्या हळदीच्या परातीत मूठ घातली आणि पोराच्या जखमेत दाबून भरली.

भाच्यानं जी किंकाळी फोडली तशी मी माणसाच्या तोंडून ऐकलेली नाही. त्यानं आईला लाथ मारली, जमिनीवर लोळला, कपाळ मातीत घासायला लागला. "आये, मेलो! आये, काय भरलंस!"

ताईनं हाताकडे बघितलं. एक बोट जिभेला लावलं.

"तिखट हाय गं बाई," ती म्हणाली, आणि तिथंच खाली बसली.

नवऱ्याकडची एक म्हातारी ओरडली, "आरं थांबा, मुडद्यांनो! पोटच्या पोराच्या जखमेत कोन तिखट भरंल जानूनबुजून? त्यांना बी ठाऊक नव्हतं!"

मारामाऱ्या तर्कानं थांबत नाहीत असा माझा अनुभव होता. ही थांबली. बहुतेक सगळे दमलेही होते. दाजी थोबाड सुजवून घेऊन परातीपाशी आले, हळद चिमटीत धरून उन्हात बघितली आणि म्हणाले, "लवंगी." एवढंच. चाळणीचा तडाखा खाल्लेला त्यांचा कान अजून लाल होता. मग त्यांनी डंकावरचं भांडण सगळ्यांना सांगितलं. सगळं कळल्यावर चुलते एकदम मोठ्या मनाचे झाले. त्यांनी दाजींच्या खांद्यावर हात टाकला.

"मशीनचा दोष, मानसाचा न्हाई. झालं गेलं. दुकानातनं पाकीट आना हळदीचं आन् पुढचं बघू."

सगळ्यांना हायसं वाटलं. भांडण हळदीवरून सुरू झालं होतं, हळदीवर मिटलं, हिशेब चुकता. भाच्याला जीपमध्ये घालून टाके घालायला पाठवलं. खुर्च्या सरळ व्हायला लागल्या. तेवढ्यात खोलीचं दार उघडलं आणि भाची बाहेर आली. पिवळी साडी, कपाळाला मुंडावळ्या, चेहरा कोरा.

कुणी तिला आत जा म्हणालं नाही. ती सरळ टाकीपाशी गेली. नवरदेव तिथं ओणवा होता, डोळे सुजून बंद झालेले. एक आचारी त्याच्या डोक्यावर मठ्ठ्याचं पातेलं ओतायच्या बेतात होता.

"त्यात काय काय आहे?" तिनं विचारलं.

"कोथिंबीर, जिरं, आलं, हिंग..." आचारी थांबला. "आन् हिरवी मिरची वाटून."

"ठेवा ते. दही आणा. साधं."

दही आलं. तिनं ओंजळीनं त्याच्या तोंडाला फासलं. तो कण्हत होता, पण हात कुणाचे आहेत हे त्याला कळलं असावं, कारण तो गप्प उभा राहिला. मग तिनं वळून चुलत्यांकडे बघितलं.

"काका, हळदीचं मिटलं. दुसऱ्याचं काय?"

"दुसरं काय गं पोरी?"

"स्पीकरवर बोललात ते."

दाजी पुढं आले. "आगं, जाऊ दे. मोठी मानसं हायेत."

"आप्पा, तुमी थांबा." नगरला इतकी वर्षं राहून गेलेली तिची बोली एका वाक्यात परत आली. "आयुष्यभर जाऊच देताय तुमी." मग नवरदेवाला म्हणाली, "तुम्ही ऐकलंत का?"

"ऐकलं."

"मग?"

त्याच्या गालांवरून दही ओघळत होतं. ती थांबली. मला तिच्या हाताकडे बघवेना. तो मुंडावळ्यांच्या गाठीकडे गेला होता.

"रागात मानूस बोलतो," चुलते मधेच म्हणाले. "त्याचं काय एवढं मनाला..."

आवाज ऐकून नवरदेव फिरला. बंद डोळ्यांनी चार पावलं टाकली आणि आवाजाच्या दिशेनं, अंगातलं सगळं बळ लावून थप्पड मारली. चुलते बाजूला झाले होते. ती निवेदकाला बसली. बिचारा माईकसकट तीन खुर्च्यांवरून मागं पडला आणि स्पीकरांतून असा आवाज आला की मांडवाभोवतीची कुत्री पळाली.

थप्पड म्हणजे प्रेमाचा पुरावा असं मानणारे लोक लॉनवर बरेच होते. काहींनी मानाही डोलावल्या. भाची मात्र जागची हलली नाही.

"मारायला कोणी सांगितलं? मारून झालंय आज सगळ्यांचं. बोला."

मग तो बोलला. मान ताठ करून, छाती पुढं काढून, मोठ्यानं.

"हिचे आई-वडील आपल्या शिवारात ऊस तोडायला होते. ही तिथं कोपीत चालायला शिकली. मला पहिल्यापासून माहीत आहे. आपल्या घरात पैसा आला तो असल्या लोकांनी ऊस तोडला म्हणून आला. मी हिच्याशीच लग्न करणार आहे. काका, ज्यांना हे चालत नसेल त्यांनी आत्ताच जेवून निघावं."

बोलणं चांगलं होतं. फक्त त्याचं तोंड अर्धवट पडलेल्या कमानीकडे होतं आणि एवढं सगळं त्यानं मांडवाच्या खांबाला सुनावलं होतं. कुणाला तरी हसू आलं, ते त्यानं खोकल्यात दाबलं.

भाचीनं हात मुंडावळ्यांवरून खाली घेतला. पुढं गेली, त्याचे दोन्ही खांदे धरले आणि त्याला हळूहळू वळवलं, जड कपाट वळवतात तसं.

"तो खांब आहे. काका इकडं आहेत. परत बोला."

तो पुन्हा बोलला, पहिल्यापासून शेवटपर्यंत. या वेळी आवाज खाली होता आणि दोनदा अडखळला. खांबाला ऐकवणं सोपं असतं. चुलते त्याच्यापासून हातभर अंतरावर उभे होते. त्याला ते दिसत नव्हते, पण ते त्याच्याकडे बघत होते. दह्यानं लडबडलेला, भाजलेला, सुजलेला तो चेहरा.

मग चुलते वाकले. पडलेल्या खुर्च्यांतली एक उचलून सरळ केली आणि तिच्यावर बसले. दुसरी पायानं ओढून शेजारी घेतली.

"बसा, व्याही," ते दाजींना म्हणाले. त्यांनी वर बघितलं नाही.

दाजी लगेच बसले नाहीत. त्यांनी आधी ती खुर्ची उलटी करून चारही पाय हलवून बघितले. एक तडकलेला होता. त्यांनी ती बाजूला ठेवली, दुसरी धड खुर्ची शोधून आणली, ती चुलत्यांच्या बरोबरीनं मांडली, आणि मग बसले.